रविवारची बरोबरी

३ जानेवारी, मंगळवार

दुकानात एका फोटोला काच बसवत होतो, तेवढ्यात आमच्या बुद्धिबळ क्लबाचे अध्यक्ष आले आणि दोन कामं माझ्या गळ्यात मारून गेले.

पहिलं काम माझ्या धंद्यातलंच. मार्चमध्ये क्लबाचा वर्धापनदिन आहे. क्लबाच्या भिंतीवर जुन्या नामवंत खेळाडूंचे अकरा फोटो आहेत, ते सगळे नव्याने मढवायचे आणि प्रत्येकाखाली एक पाटी लावायची. पाटीवर आयुष्य आणि कामगिरी, पाच-सहा ओळींत. शिवाय बारावी जागा मोकळी आहे, ती या वेळी भरायची. कोणाच्या फोटोने भरायची, हे अध्यक्षांनी सांगितलं नाही. माझ्याकडे बघून नुसते हसले. माझी ताई देशाची महिला विजेती होती, दोन वेळा, हे क्लबात कोणाला सांगावं लागत नाही. ज्यांना सांगावं लागत नाही त्यांनाही मी सांगतो.

दुसरं काम म्हणजे संघाचं कप्तानपद. पहिल्या पटावर, म्हणजे सगळ्यांत तगड्या खेळाडूच्या जागी, खेळणारी डॉक्टरीणबाई दुसऱ्या गावी गेली. उरलो वेल्डर, बँकवाला आणि मी. चौथा माणूस शोधायचा आणि मार्चच्या सामन्यात क्लबाला खालच्या गटात जाऊ द्यायचं नाही. "तुमच्यासारखा अनुभवी माणूस दुसरा कोण आहे?" अध्यक्ष म्हणाले. मी गेल्या वर्षी निम्म्याहून जास्त डाव हरलो. अनुभव आहे खरा.

ही डायरी एका गिऱ्हाइकाने दिली. कोरी टाकून देववत नाही म्हणून लिहितो आहे.

८ जानेवारी, रविवार

नेहमीप्रमाणे दुपारी ताईकडे. ती डिसेंबरात हॉस्पिटलच्या प्रयोगशाळेतून निवृत्त झाली. मेहुणे गेल्यापासून एकटीच असते, तिसऱ्या मजल्यावर. खिडकीशी टेबल, टेबलावर पट, पटाशेजारी माझ्या कपाला ठेवायची बशी. सगळं ठरलेलं.

डाव बरोबरीत सुटला. तेही ठरलेलंच. इतकी वर्षं आम्ही दर रविवारी खेळतो आणि दर रविवारी बरोबरी. माजी विजेतीला दर आठवड्याला रोखून धरणं ही काही साधी गोष्ट नाही, असं मी बायकोला सांगतो तेव्हा ती भांडी जरा जोरात लावते.

आज मात्र मी जेमतेम वाचलो. ताईचा एक हत्ती जास्त होता आणि प्यादी दारात उभी होती. मी डाव सोडायच्या बेतात होतो. पण तिने वजीर असा आणून ठेवला की माझ्या राजाला शह नाही आणि हलायला घरही नाही. अशा वेळी नियमाने बरोबरी. जिंकलेला डाव तिने हातचा घालवला.

"अरे, माझ्या लक्षातच आलं नाही," ती म्हणाली.

वय होतं माणसाचं. मला वाईट वाटलं. मी म्हटलं, "होतं गं असं." ती चहा टाकायला उठली.

१४ जानेवारी, शनिवार

पाट्या लिहायला घेतल्या. वाटलं होतं दोन दिवसांत उरकेल, पण नाकी नऊ आले. माणसाचं आयुष्य पाच ओळींत बसवणं म्हणजे मोठा फोटो लहान चौकटीत घालणं. कुठून कापायचं?

घड्याळजींची पाटी झाली. क्लबाचे संस्थापक, घड्याळं दुरुस्त करायचे. एकदा परदेशातला एक उस्ताद गावात आला आणि एकाच वेळी तीस जणांशी खेळला. एकोणतीस हरले, घड्याळजी जिंकले. त्यानंतर ते कधी स्पर्धेत उतरले नाहीत. म्हणायचे, आता वर जायला जागा नाही, उगाच खाली कशाला या.

तारबाबू रेल्वेत होते. लांबच्या एका स्टेशनमास्तरशी तारेवरून दोन वर्षं एकच डाव खेळले. मग त्यांची बदली झाली ती नेमकी त्याच स्टेशनात. समोरासमोर बसल्यावर दोघांनाही एकमेकांची इतकी लाज वाटायला लागली की डाव अर्धाच राहिला. तारबाबू नंतर खेळले नाहीत.

नर्सबाई पट न बघता खेळायच्या. वॉर्डात एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत फिरताना तीन रुग्णांशी तीन डाव, पट फक्त रुग्णांसमोर. त्यांची वीस वर्षं अशी खेळण्यात गेली. मग लग्न झालं, आणि पुढे त्याही खेळल्या नाहीत.

तिन्ही पाट्यांचं शेवटचं वाक्य एकच आलं आहे. बदलून बघितलं, जमलं नाही. खरं ते खरं.

कंपाउंडरची पाटी सगळ्यांत अवघड. त्यांचा फोटो ते जिवंत असताना, खेळत असताना लावला होता. मग उतरती कळा लागली आणि ते आपल्याच फोटोखाली बसून दर आठवड्याला हरायला लागले. वरचे कंपाउंडर हसतायत आणि खालचे घाम पुसतायत, हे लोकांना बघवेना. तेव्हापासून क्लबाचा नियम आहे की भिंतीवर गेला तो क्लबासाठी पटावर बसत नाही. चांगला नियम आहे. माणसाची अब्रू राहते.

२२ जानेवारी, रविवार

ताईकडे पोचलो तेव्हा ती टॅबलेटवर कोणाशी तरी बुद्धिबळ खेळत होती. परदेशातला कोणीतरी. मी बूट काढेपर्यंत त्याने डाव सोडला. नवशिक्या असावा बिचारा.

मग आमचा डाव. या वेळी मी चांगला खेळलो. निदान मला तसं वाटलं. ताईने अचानक घोडा बळी दिला, वजीर माझ्या राजाजवळ आणला आणि शह, शह, शह. दर वेळी तोच शह, दर वेळी राजा त्याच दोन घरांत. शेवटी बरोबरी. घोडा का दिला असं विचारलं तर म्हणाली, "गंमत वाटली."

चहा पिताना तिने सहज विचारल्यासारखं विचारलं, "तुमच्या संघाचं काय झालं रे? चौथा मिळाला?"

मी म्हटलं, शोधतोय.

"आणि पहिल्या पटावर कोण?"

"वेल्डर."

"हं," ती म्हणाली. माझ्या बशीतला सांडलेला चहा तिने कपात परत ओतला. मी पन्नाशी ओलांडली तरी ती हे करते.

तिला सांगावं असं वाटत होतं की भिंतीवरची बारावी जागा तुझी आहे. पण फ्रेम करून एकदम दाखवायची, असं ठरवलं आहे. तिच्यासाठी अक्रोडाची पट्टी काढून ठेवली आहे, बारीक सोनेरी कडेची. गिऱ्हाइकाला मी ती दाखवतही नाही.

३१ जानेवारी, मंगळवार

बायको दुकानात बसली होती. हिशेबाच्या कामात मदत करते आणि बदल्यात माझी खोड काढते. मी तिला फोटो दाखवला. बावीस वर्षांची ताई, समोर करंडक, केस बांधलेले, फोटोग्राफरवर चिडलेली.

"छान आहे," ती म्हणाली. "पण ताईंना विचारलंत का?"

"आनंदच होईल तिला."

"अहो, मी एक विचारू? तुम्ही ताईंना कधी हरवलंत?"

"नाही."

"त्यांनी तुम्हाला?"

"नाही."

"इतक्या वर्षांत एकदाही नाही? आपल्या दोघांची चहातली साखरसुद्धा कधी सारखी पडत नाही."

मी तिला समजावलं की बुद्धिबळात सारख्या ताकदीची माणसं असली की असं होतं. ताई वयाने खाली आली, मी सरावाने वर गेलो, मधे कुठेतरी गाठ पडली. तिने माझ्याकडे असं बघितलं की मी चौकटीचा कोपरा उलटा कापला. एक चांगली पट्टी फुकट गेली.

४ फेब्रुवारी, शनिवार

वेल्डर क्लबात उशिरा आला. ताईच्या इमारतीत जिन्याचा कठडा जोडायला गेला होता. काम झाल्यावर ताईने त्याला पाणी दिलं आणि पट मांडला.

"दोन डाव झाले," तो म्हणाला. "दोन्ही गेले. दुसऱ्यात तर मला कळलंच नाही मी कधी मेलो. कप्तान, ताईंना घ्या संघात."

मी हसून सोडून दिलं. पण घरी येताना काळजी लागली. ताईची माझ्याशी बरोबरी होते. मी चौथ्या पटाचा माणूस. आणि वेल्डर तिच्याशी दोन्ही डाव हरतो, म्हणजे वेल्डरचं काहीतरी बिनसलं आहे. सामन्याच्या तोंडावर हे बरं नाही. त्याला दुसऱ्या पटावर घेऊन बँकवाल्याला वर काढावं का, याचा विचार करतो आहे.

ताईला संघात घेण्याबद्दल प्रामाणिकपणे लिहितो. घ्यावंसं वाटतं. पण तिने तिकडे जाऊन हरावं आणि लोकांनी म्हणावं, ही का ती विजेती? कंपाउंडरचं झालं तसं? मला ते सहन होणार नाही. त्यापेक्षा भिंत बरी.

१२ फेब्रुवारी, रविवार

आज डाव झाला नाही.

फ्रेम तयार झाली होती. कागदात गुंडाळून नेली, पाटीचा मजकूरही नेला. ताईने कागद सोडला. बराच वेळ फोटोकडे बघितलं. "किती बारीक होते मी," म्हणाली. मग चष्मा लावून पाटी वाचायला लागली. वाचताना तिचे ओठ हलत होते. शेवटच्या ओळीपाशी थांबले.

"'पुढे त्या खेळल्या नाहीत.' हे काढ."

"खरं आहे ते, ताई."

"दर रविवारी खेळते की तुझ्याशी."

"ते घरचं झालं."

तिने फ्रेम टेबलावर पालथी ठेवली. काच आहे, जपून, असं माझ्या तोंडावर आलं होतं, गिळलं.

"छोट्या, भिंतीवर गेलं की खेळता येत नाही ना क्लबाकडून?"

"नाही. नियम आहे."

"मग मला भिंतीवर नको घालूस. संघात घे."

असं सरळ तिने आयुष्यात काही मागितलेलं मला आठवत नाही. नोकरी, संसार, मेहुण्यांचं आजारपण, सगळं तिने न मागता उरकलं. ती पुढे म्हणाली, "चाळीस वर्षं रक्त तपासलं. आता मला समोर माणूस हवा आहे. घड्याळ हवं आहे. पोटात गोळा यायला हवा आहे. माझ्यात अजून आहे रे."

मला खोटं बोलायचं नव्हतं. मी म्हटलं, "राग मानू नकोस. पण आपली बरोबरी होते. दर वेळी. आणि मी चौथ्या पटावर निम्मे डाव हरतो. मी कप्तान आहे, मला हे बघायला नको का?"

ती माझ्याकडे बघतच राहिली. मग हसायला लागली. हसता हसता चष्मा काढला, पदराने पुसला, परत लावला, परत काढला. डोळ्यांत पाणी होतं. मला वाटलं, लागलं तिला माझं बोलणं.

"बरोबर आहे तुझं," ती म्हणाली. "अगदी बरोबर आहे. चूक माझीच आहे."

निघताना दारात म्हणाली, "पुढच्या रविवारी ये. आणि घरून जेवून ये. उपाशी येऊ नकोस."

मी रविवारी कधी उपाशी जातो? काहीतरीच.

१५ फेब्रुवारी, बुधवार

दिवसभर डोक्यात ताईचं हसणं. चूक तिची कशी? वय होणं ही काय चूक आहे?

अध्यक्षांचा निरोप आला की पाट्या छापायला टाका. अकरा टाकल्या. बारावी ठेवून घेतली.

१९ फेब्रुवारी, रविवार

हरलो.

तिच्या म्हणण्याप्रमाणे जेवून गेलो होतो. तिने पट आधीच मांडून ठेवला होता आणि काळी मोहरी स्वतःकडे घेतली होती. पहिल्या चालीचा मान मला. चहाचं नाव नाही. माझी बशीही जागेवर नव्हती.

किल्लेकोट करून मी राजा कोपऱ्यात नेला आणि म्हटलं, आता निवांत. तिने उंट टाकला. मी घेतला. तिने हत्ती टाकला. मी तोही घेतला, फुकट मिळत होता म्हणून. मग तिचा घोडा आला आणि माझ्या राजाभोवतीची माझीच मोहरी भिंतीसारखी उभी राहिली. मात. घड्याळ लावलं असतं तर माझा निम्मा वेळही संपला नसता.

"परत," मी म्हटलं.

परत हरलो. मग तिसरा. तिसऱ्यात तिने वजीर सुरुवातीलाच पटावरून काढून बाजूला ठेवला, आपणहून, आणि वजिराशिवाय खेळून मला हरवलं.  तिचा चेहरा फोटोतल्यासारखा झाला होता, चिडलेला नव्हे, पण तसाच. तिला मी असं कधी बघितलं नव्हतं. खरं म्हणजे तिला खेळतानाच मी कधी बघितलं नव्हतं.

"हे किती दिवस चाललंय?" मी विचारलं.

"तू लहान होतास," ती म्हणाली. "माझ्याशी हरलास आणि दोन दिवस जेवला नाहीस. अंगात ताप भरला. आई घाबरली. मला बाजूला घेऊन म्हणाली, त्याला हरवू नकोस गं, जेवत नाही मग तो. मी तेव्हा शाळेत. मुद्दाम हरायचं मला काही जमेना, आणि हरवायचं नाही असं आईने सांगितलेलं. मग बरोबरी करायला शिकले. कठीण असतं ते. समोरच्याला कळू न देता करायचं म्हणजे जिंकण्यापेक्षा कठीण."

"अगं, पण आता..."

"आई गेली. तिचं ते सांगणं परत घ्यायचं राहून गेलं. आणि मलाही सवय झाली. तू इतका खुश होऊन जायचास."

तिने ताट वाढलं. जेवून आलो होतो हे तिला माहीत होतं, तिनेच सांगितलं होतं. तरी वाढलं आणि समोर बसली. मला एक घासही उतरला नाही. या वयात! पाणी प्यायलो आणि उठलो. तिने ताट झाकून ठेवलं.

एक डाव हरण्याचं मला काही नाही. मी हरतोच. पण आज मी सगळे रविवार हरलो.

२० फेब्रुवारी, सोमवार

राग आला आहे, लिहून टाकतो. बायकोला माहीत होतं. वेल्डरला कळलं होतं. बहुधा अध्यक्षांनाही. एवढ्या लोकांत एक मीच छाती काढून फिरत होतो.

दुकानात बसून संघाची यादी केली. बँकवाला, वेल्डर, मी आणि चौथ्या जागी बँकवाल्याच्या ऑफिसातला एक कारकून. ताई नाही. मला शेंडी लावणाऱ्या माणसाला मी का घेऊ? असं तेव्हा वाटलं, तसं लिहिलं.

बायकोने डबा परत नेला. "हात लावला नाहीत," म्हणाली.

"भूक नव्हती."

"काल रात्री पण नव्हती." झाकण लावता लावता ती म्हणाली, "सासूबाई काही खोटं सांगत नव्हत्या म्हणायच्या." म्हणजे ताईने तिला फोनवर सगळं सांगितलेलं दिसतं. मी पट्टीचे तुकडे उगाच मोजत बसलो.

२२ फेब्रुवारी, बुधवार

सकाळी ताईचा फोन. मी तयारीत होतो. ती संघाबद्दल बोलेल, मी ताठ उत्तर देईन. वाक्यंही ठरवली होती.

ती म्हणाली, "जेवतोयस ना?"

बस, एवढंच. मी हो म्हटलं. तिने ओळखलं की खोटं आहे. मग म्हणाली, "हे बघ, संघाचं सोड. मी उगाच हट्ट केला. रविवारी ये, आपण नेहमीसारखं खेळू."

नेहमीसारखं म्हणजे काय, हे आता मला माहीत आहे. म्हणजे ती बसणार, माझ्या चालींना सांभाळत, जिंकलेला डाव कुठे सोडायचा ते शोधत. तिचं अख्खं डोकं त्यात घालणार. एकसष्टाव्या वर्षीही. आणि मी हसतमुखाने घरी येऊन बायकोला सांगणार.

फोन ठेवल्यावर बराच वेळ काम सुचलं नाही. तिच्याकडे इतकं होतं आणि तिने ते कुठे खर्च केलं? माझा चेहरा पडू नये म्हणून. मला लाज वाटली आणि रडूही आलं. एक गिऱ्हाईक काचेबाहेर उभं होतं, ते शहाणपणाने परत गेलं.

परवाची यादी फाडली. नवी केली. पहिला पट ताई. दुसरा वेल्डर. तिसरा बँकवाला. चौथा मी. दुपारी अध्यक्षांकडे पाठवून दिली आणि मग ताईला कळवलं, म्हणजे नाही म्हणायला जागा नको.

तिने फक्त विचारलं, "आणि तू?"

"मी बघेन माझं," मी म्हटलं.

२४ फेब्रुवारी, शुक्रवार

अध्यक्ष आले. भिंतीवर मोकळी जागा वाईट दिसते म्हणाले. मी म्हटलं, ताई खेळणार आहे, नियम नियम आहे. "पण फ्रेम तयार आहे ना?" ते म्हणाले. तयार होती. फोटो काढून बायकोला दिला, तिने तो आमच्या कपाटावर ठेवला. फ्रेममध्ये आरसा बसवला आणि बाराव्या जागी टांगला. अक्रोडाच्या पट्टीत आरसा सुरेख दिसतो. बँकवाला क्लबात आल्या आल्या तिथे थांबून केस विंचरू लागला, तेवढाच उपयोग.

४ मार्च, शनिवार

सामना बंदरावरच्या क्लबाशी, त्यांच्या कँटीनमध्ये. लांब टेबलं, पांढरे दिवे, भांड्यांचा आवाज. दोन गुण मिळाले तर आम्ही गटात राहणार.

ताईने नवीन चष्मा केला होता. बसण्याआधी तिने सगळी मोहरी एकेक करून आपल्या घरांत सरळ केली.  मला म्हणाली, "आला बघ पोटात गोळा," आणि खुश दिसली.

मी हरलो. माझ्यापुरतं तेवढं लिहिणं पुरे. बँकवाला जिंकला. वेल्डरने बरोबरी केली, खरीखुरी, घाम फुटेपर्यंत. म्हणजे दीड-दीड, आणि उरला ताईचा डाव. समोर त्यांचा सगळ्यांत तगडा खेळाडू, एक इंजिनियर, या वर्षी एकही डाव न हरलेला. सगळे त्या टेबलाभोवती जमा झाले. मीही गेलो. पटावर काय चाललं होतं ते मला कळत नव्हतं, आणि आता ते लिहायला लाज वाटत नाही.

इंजिनियरने चाल केली, घड्याळ दाबण्याआधी वर बघितलं आणि म्हणाला, "बरोबरी?"

बँकवाल्याने माझा दंड धरला. अर्ध्या गुणाने आमचे दोन होत होते. क्लब वाचत होता. "घ्या म्हणावं," तो कानात म्हणाला.

संघाच्या सामन्यात बरोबरीबद्दल कप्तानाला विचारायची मुभा असते. ताईने मान वळवून माझ्याकडे बघितलं.

"घेऊ?"

ती नियमाने विचारत होती, सगळ्यांच्या देखत. पण तिच्या डोळ्यांत तो प्रश्न नव्हता. त्या डोळ्यांकडे बघताना मला आमचं जुनं स्वयंपाकघर दिसलं, आणि दाराशी ताट घेऊन उभी असलेली आई.

"नको," मी म्हटलं. "हरव त्याला."

बँकवाल्याने कपाळाला हात लावला.

ताईने परत विचारलं, "नक्की?"

"नक्की. मी जेवेन."

पंच म्हणाले, कप्तान, जेवणाचं नंतर बोला. लोक हसले. ताई हसली नाही. ती पटाकडे वळली आणि खुर्ची जरा पुढे ओढली. मग इंजिनियर खूप वेळ लढला, आणि शेवटी त्याने आपला राजा हळूच आडवा केला आणि हात पुढे केला. ताईने तो दोन्ही हातांत धरला.

वेल्डर ओरडला. 

नंतर त्याच कँटीनमध्ये आम्ही जेवायला बसलो. ताई माझ्या समोर. तिला भूक नव्हती, ती नुसती माझ्या ताटाकडे बघत होती. मी रीतसर हरलो होतो, चौथ्या पटावर, बत्तिसाव्या चालीला. सगळं संपवलं. मग ताट पुढे केलं आणि म्हटलं, "अजून वाढ."